न जन्मलेल्या बासरीवादकाचं चरित्र

डाग हेन्रिक एस्रुम-हेलेरुप यांच्या कारकिर्दीला नाव ठेवायला जागा नाही. डॅनिश बासरीवादक, शिवाय कंडक्टर, शिवाय संगीतकार. उणीव एकच, गृहस्थ कधी जन्मलेच नाहीत.

१९८० साली ‘न्यू ग्रोव्ह’ हा इंग्रजी संगीतकोश २० खंडांत निघाला. त्यात रॉबर्ट लेटन यांनी डेन्मार्कमधल्या दोन ठिकाणांची नावं जोडून हा कलावंत घडवला. वडीलही बासरीवादकच दिले; घराणं नको का? ऑपेराही दिला, पण हरवलेला. हे फार शहाणपणाचं, कारण हरवलेल्या ऑपेराला बेसूर कोण म्हणणार?

पुढच्या छपाईत नोंद गळाली.

पोलंडच्या प्योत्र झाक या अशाच संगीतकाराला एवढाही मान लाभला नाही. ५ जून १९६१ रोजी बीबीसीने त्याची म्हणून जी रचना ऐकवली, ती हान्स केलर आणि सुझन ब्रॅडशॉ यांनी स्टुडिओत केलेली निव्वळ ठोकाठोक होती. वृत्तपत्री समीक्षकांनी ती गंभीरपणे ऐकली आणि गंभीरपणेच नापसंत केली. संगीत वाईट आहे हे त्यांनी बरोबर ओळखलं. संगीतकारच नाही, हे तेवढं राहून गेलं.

ग्रोव्हची २००१ची आवृत्ती २९ खंडांची झाली. तीत अशा बनावट नोंदींवरच एक स्वतंत्र लेख आहे, आणि तो खरा आहे.