यवनाची थकबाकी

चक्का, काकडी, लसूण, शेपू आणि मीठ या पाच जिनसा ज्या घरात एकाच दिवशी हजर असतील, त्या घरात ग्रीक पदार्थ निर्माण होण्यास कायद्याने कोणतीही हरकत दिसत नाही. आणि नारायणगावात तर या पाचही जिनसा पायी जाऊन परत येण्याच्या टापूत मिळत असल्यामुळे, येथील घरोघरी आजवर त्झात्झिकी का निर्माण झाली नाही, हाच वास्तविक चौकशीचा विषय व्हावयास हवा. महसूल खात्यात अव्वल कारकून म्हणून उभी हयात घालवलेल्या माणसाला चौकशीवाचून चैन पडत नाही. ती चौकशी मी केली असून तिचा निष्कर्ष आरंभीच नोंदवून ठेवतो, म्हणजे ज्यांना सवड नसेल त्यांनी पुढील मजकूर न वाचला तरी चालेल: हा पदार्थ आमच्याकडे होत नाही तो सामग्रीच्या अभावी नव्हे; दह्यात कालवलेली काकडी आहे त्या अवस्थेत सोडून देण्याइतके मनोबल मराठी घरातील एकाही व्यक्तीपाशी नसते, म्हणून तो होत नाही.

प्रकरणाचा उगम माझ्या भाचीपासून झाला. ती पुण्याला डेक्कन कॉलेजात पुरातत्त्वशास्त्र शिकते, आणि जुन्नरची लेणी पाहण्याच्या निमित्ताने आमच्याकडे उतरली असता, एका संध्याकाळी शिवनेरीच्या पोटातील लेणी पालथी घालून, अंगावर धूळ आणि हातात वही अशा थाटात परतून, चहाची वाटही न पाहता तिने मला बजावले, "मामा, तुमच्या तालुक्याकडे ग्रीकांची बाकी आहे."

बाकी हा शब्द कानी पडताच मी सावध झालो. तिने वहीतून नक्कल वाचून दाखवली. जुन्नरच्या लेण्यांत यवनांनी दिलेल्या दानांचे तीन ब्राह्मी लेख आहेत. त्यांपैकी इरिल नावाच्या यवनाने पाण्याच्या दोन पोढी, म्हणजे टाकी, दिल्या, एकाने एका लेण्याचे दर्शनी काम करवून दिले, आणि चिट नावाच्या तिसऱ्याने भिक्षुसंघाला चक्क एक भोजनमंडप खोदवून दिला. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी, नाणेघाटातून जकात भरून चढलेल्या मालाबरोबर केव्हातरी ही मंडळी इकडे आली असावीत. येथे पैसा कमावला असावा. आणि त्यांतल्या एकाच्या मनात, येथील लोकांची जेवावयास बसण्याची नीट सोय व्हावी, असे आले. पुढे येऊन गेलेल्या अनेक अंमलांचे दप्तर मी चाळले आहे. आमच्या जेवणाची सोय करणारा परका त्यात दुसरा आढळला नाही.

तथापि दस्तऐवज समोर आला की त्यातील व्यंग शोधणे हा माझा धर्म असल्यामुळे मी तीन हरकती नोंदवल्या. पहिली, दान हे कर्ज नव्हे, सबब परतफेडीचा प्रश्न उद्भवत नाही. दुसरी, दान संघाला दिले आहे. आमच्या कुटुंबाचा त्या मिळकतीशी संबंध केवळ सहलीपुरता. तिसरी आणि निर्णायक, मुदतीच्या कायद्याप्रमाणे स्थावराच्या कब्जाचा दावा बारा वर्षांत लावावा लागतो. येथे दोन हजार उलटली. शिवाय यवन म्हणजे नेमका ग्रीकच, की पश्चिमेकडून आलेला कोणीही, यावर विद्वानांचे एकमत नाही, हे तिनेच मला पूर्वी सांगितले होते, तेही मी तिच्याविरुद्ध पुराव्यात दाखल केले. भाचीने सर्व शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाली, "मामा, त्या माणसानं परक्या गावात खडक फोडून लोकांना जेवायला जागा करून दिली. आपण त्याच्या नावानं एक वाटी दही कालवू शकत नाही?" या युक्तिवादाला महसुली कायद्यात उत्तर नाही.

आता चिटाने स्वतः त्झात्झिकी खाल्ली असेल असे कोणी समजू नये. या पदार्थाचे ग्रीक नावसुद्धा तुर्की जाजिकवरून आलेले असून, तो ऑटोमन अमलाची खूण आहे. इराणात हाच मनुष्य मास्त-ओ-खियार या नावाने वावरतो आणि उत्तर हिंदुस्थानात रायता म्हणून. आणि काकडीचे मूळ तर हिमालयाच्या पायथ्याशी. तेथून ती पश्चिमेकडे गेली आणि प्रत्येक मुक्कामी कोणी ना कोणी तिला दह्यात बुडवले. तेव्हा आपल्याच गावची मुलगी सासरची रीत शिकून माहेरी आली आहे, असे समजून तिचे स्वागत करण्यास आमची ना नव्हती.

मात्र नारायणगावात काकडीला प्रतिष्ठा नाही, हेही येथे नमूद केले पाहिजे. या गावाची कीर्ती विठाबाईंच्या तमाशाने झाली, खोडदच्या रानात उभ्या असलेल्या, प्रत्येकी 45 मीटर व्यासाच्या 30 तबकड्यांच्या रेडिओ दुर्बिणीने ती शास्त्रज्ञांत पसरली, आणि द्राक्षांपासून फसफसती वाइन काढून परदेशी धाडण्याचा उद्योगही या गावाने करून पाहिला. परंतु गावाचा श्वास वरखाली होतो तो टोमॅटोच्या भावाबरोबर. 2023 च्या पावसाळ्यात वीस किलोच्या क्रेटला दोन हजार रुपयांहून अधिक भाव फुटला, तेव्हा टोमॅटोला आमच्या पंचक्रोशीत जो मान मिळाला तो मामलेदारालाही कधी मिळाला नसेल. अशा गावात एखाद्या सुशिक्षित गृहस्थाने काकडीसाठी विशेष चौकशी करीत हिंडणे हे खालावलेल्या परिस्थितीचे लक्षण मानले जाते.

पहिला पेच चक्क्याचा. ग्रीसमध्ये त्यासाठी मेंढीच्या किंवा शेळीच्या दुधाचे दही पूर्वापार वापरतात. मेंढ्या आमच्याही रस्त्यावरून जातात, परंतु त्या थांबत नाहीत. म्हणून म्हशीचे दूध विरजले, आणि ते दही पातळ फडक्यात बांधून रात्रभर खुंटीला टांगले. दही टांगणे ही मराठी घरात खासगी बाब राहत नाही. खुंटीवरची पुरचुंडी ही श्रीखंडाची जाहीर नोटीस असते, ती पाहून शेजारची मुले दोनदा डोकावून गेली, दूध घालणाऱ्याने "साखरपुडा कुणाचा?" म्हणून विचारले, आणि आमच्या सौभाग्यवतीने, या चक्क्यात साखर पडणार नसून लसूण पडणार आहे हे ऐकताच, काही क्षण माझ्याकडे अशा दृष्टीने पाहिले की निवृत्तिवेतन बंद झाल्याची बातमी मी तिला अधिक सहज सांगू शकलो असतो. अखेर निम्मा चक्का वेलदोड्यासह तिच्या ताब्यात द्यावा आणि उर्वरित निम्म्यावर ग्रीसने आपली वहिवाट करावी, अशी तडजोड झाली. निथळलेले पाणी कणकेत गेले. आमच्या घरातून टाकून दिले जाणारे असे काही नसते.

यानंतर तेल. ऑलिव्हचे तेल म्हणून जो पदार्थ आहे तो माझ्या पिढीच्या माहितीप्रमाणे औषधांच्या दुकानात मिळतो, कारण आमच्या भागात त्याचा उपयोग लहान मुलांना चोळण्याकडेच होत असे. मी दुकानात जाऊन बाटली मागितली. दुकानदाराने ती पुसून हाती देताना स्मितहास्य करून, "बाळ केवढं आहे?" असे विचारले. खाण्यासाठी हवे आहे, हे सांगणे मला त्या गर्दीत प्रशस्त वाटेना, म्हणून मी नुसती मान हलवली. आणि मान हलवण्याचा अर्थ नारायणगावात नेहमी होकारार्थी घेतला जातो. तेथून निघालो तो थेट भाजीबाजारात शेपूच्या दोन जुड्या घेण्यासाठी. आता शेपू ही भाजी बाळंतिणीला देतात, आणि तिचे बी बाळंतशोपा म्हणून ओव्याबरोबर तिच्या हातावर ठेवतात, ही गोष्ट ज्या युरोपीय गृहस्थांनी या पाककृतीची रचना केली त्यांना ठाऊक नसावी. भाजीवाल्या बाईंनी एका हातातली बाटली पाहिली, दुसऱ्या हातात जुड्या दिल्या, आणि बाजारभर ऐकू जाईल अशा आवाजात विचारले, "आबा, पोरगा झाला का पोरगी?"

घरातील कायम रहिवाशांत सर्वांत धाकटा म्हणजे आमचा बोका. असे असता दिवेलागणीच्या सुमारास पलीकडच्या आळीतून हळिवाच्या लाडवांचा डबा आला, त्यामागोमाग जुन्या धोतराची मऊ दुपटी आली, आणि ओटीवर बसून दोन वृद्ध बायका पाळण्याची चौकशी करू लागल्या. प्रत्येकीला चिट यवनापासून सारी हकीकत सांगणे अशक्य होते. लाडू परत करणे अशिष्टपणाचे झाले असते. ते आम्ही ठेवून घेतले.

काकडीच्या बाबतीत मात्र मी भाचीखेरीज कोणाचे ऐकले नाही. आमच्याकडे ती बारीक चोचवतात. भाचीने किसावयास सांगितले. काकडीत शेकडा पंचाण्णव भाग पाणीच असते, आणि हे पाणी काढल्याखेरीज ती चक्क्यात घातली तर रात्रभर टांगून मिळवलेला घट्टपणा पाव तासात वाहून जातो. त्यासाठी किसाला मीठ चोळून ठेवावे. मिठाच्या ओढीने पाणी पेशीतून बाहेर येते. मग तो कीस फडक्यात घालून दोन्ही हातांनी पिळावा. हे काम मी स्वतःकडे घेतले. वसुलीचा अनुभव असलेल्या माणसाला ते चांगले जमते, कारण पाणी संपले असे काकडी जेव्हा सांगते, तेव्हा तिच्यापाशी आणखी अर्धी वाटी शिल्लक असते. ते पाणीही आमच्या वहिनींनी उचलले व थालीपिठाच्या पिठात घातले.

आता सर्व जिनसा एकत्र आल्या: चक्का, पिळलेली काकडी, ठेचलेली लसूण, बारीक चिरलेला शेपू, लिंबाच्या रसाचे चार थेंब, आणि वर ऑलिव्हच्या तेलाची धार. या शेवटच्या कृतीने एक अनपेक्षित पाठिंबा मिळाला. ठेच्यावर आणि झुणक्यावर कच्चे तेल घेतल्याशिवाय घास न उतरणाऱ्या आमच्या वहिनी इतका वेळ विरोधी पक्षात बसल्या होत्या; त्या पुढे वाकून म्हणाल्या, "कच्चं तेल घेत्यात व्हय? मग माणसं आपल्यातलीच हायती." ग्रीसविषयी इतके थोडक्यात आणि इतके उदार मत मी अन्यत्र वाचलेले नाही.

परंतु येथूनच सुधारणेचे पर्व सुरू झाले. पाककृतीप्रमाणे हे मिश्रण तासभर थंड जागी ठेवावयाचे होते, म्हणजे लसणीचा उग्रपणा चक्क्यात उतरतो. तो तास आमच्या घराला झेपला नाही. सौभाग्यवतीने चव पाहून, "चिमूटभर साखर मागतंय," असा निर्णय दिला. पदार्थ काही मागत आहे असे तिला एकदा ऐकू आले की तो तिच्या तावडीतून सुटत नाही. वहिनींनी दाण्याच्या कुटाचा डबा विनाशब्द जवळ आणून ठेवला. ओटीवरच्या दोघी बायका एव्हाना पाळण्याचा विषय सोडून स्वयंपाकघरात आल्या होत्या, आणि त्यांतली एक कढल्यात तेल तापवून मोहरी तडतडते आहे का हे पाहत होती. भाची दोन्ही हात पसरून भांड्यापुढे उभी राहिली. मनाई हुकूम बजावणाऱ्या बेलिफाच्या चेहऱ्यावर जो भाव असतो तो मी पुष्कळदा पाहिला आहे; बजावणी होणार नाही हे त्यालाही माहीत असते.

यात माझी सहानुभूती कोणाकडे होती, असे विचाराल तर दोन्हींकडे. फोडणी न घातलेले दही म्हणजे सही न झालेला कागद, असे मानूनच आम्ही लहानाचे मोठे झालो. कोशिंबिरीत गोड, आंबट, तिखट, खारट आणि दाण्याचा खमंगपणा एका वाटीत नांदावेत, हा आमचा आग्रह. ग्रीक मनुष्य तिघाचौघांवर थांबतो आणि बाकीच्यांना आत येऊ देत नाही. त्याचा संयम मला आदरणीय वाटला. पण कढल्यातल्या हिंगाचा वास ज्या क्षणी घरात पसरला त्या क्षणी त्या आदराची धार कमी झाली, हे नाकारण्यात अर्थ नाही.

शेवटी मी मध्यस्थी करून रीतसर खातेफोड केली. एका वाडग्यात त्झात्झिकी मूळ स्थितीत कायम. दुसऱ्यात साखर, कूट, हिरवी मिरची आणि फोडणी यांचा अंमल. पंक्तीत दुसरे वाडगे आधी रिकामे झाले आणि त्याचा तळ बोटाने पुसणाऱ्यांत भाचीही होती. पहिले वाडगे रात्रभर फ्रिजमध्ये राहिले, आणि तो तास, जो त्झात्झिकीला आदल्या दिवशी नाकारण्यात आला होता, तो तिला दसपटीने मिळाला. सकाळी लसूण मवाळ झाली होती, आणि ज्या शेपूला आमचे घर शिजवूनही क्षमा करीत नाही, तो कच्चा असून चक्क्याच्या आत शहाण्यासारखा वागत होता. न्याहारीला मी ती एकट्याने संपवली.

ज्यांना करून पाहावयाची असेल त्यांनी तेल किराणा दुकानातून घ्यावे, शेपू वेगळ्या दिवशी आणावा, आणि मोहरीचा डबा कुलुपात ठेवून किल्ली स्वतःजवळ बाळगावी. त्झात्झिकी बाजरीच्या गरम भाकरीशी उत्तम लागते, पावाशी बरी लागते, आणि चपातीशी मुळीच लागत नाही.