पेडगावला नेणारे सर

पुण्यात इतिहास सांगणाऱ्याला श्रोता मिळत नाही, प्रतिस्पर्धी मिळतो. सदाशिव पेठेत एखादी तारीख उच्चारावी, तर समोरचा तिथी सांगतो, शेजारचा दोन्ही चुकीच्या ठरवतो आणि रस्त्याने जाणारा सायकल थांबवून ‘मूळ पत्र पाहिलंय का?’ म्हणून विचारतो. म्हणून ज्याला खरोखरच श्रोते हवे असतात, तो त्यांना टेम्पो ट्रॅव्हलरमध्ये बसवून शहराबाहेर नेतो. चालत्या गाडीतून कुणी उठून जात नाही.

अशा माणसाला ‘सर’ म्हणतात. सरांनी कुठल्याही शाळेत शिकवलेलं नसतं. आमच्या सरांनी उभी हयात पिंपरीच्या एका कारखान्यात स्टोअर्स सांभाळलं. निवृत्तीनंतर मोडीचा वर्ग केला, भारत इतिहास संशोधक मंडळाच्या पायऱ्या झिजवल्या आणि आवक-जावक वहीवर बसलेली नजर थेट सतराव्या शतकावर वळवली. स्टोअर्सचा माणूस असल्यामुळे त्यांच्या इतिहासात काही हरवत नाही. कुठला किल्ला कुणाकडून कुणाला, कधी, कोणत्या तहाने ‘इश्यू’ झाला, हे ते तोंडपाठ सांगतात. पुरंदरचा तह? 1665. तेवीस किल्ले जावक, बारा शिल्लक.

अंगात अनेक खिशांचं जाकीट. एका खिशात होकायंत्र, दुसऱ्यात आवळा सुपारी, तिसऱ्यात दुसऱ्या खिशाची किल्ली. हातात प्लॅस्टिकचं आवरण घातलेला नकाशा आणि लांबवता येणारी पट्टी. ती पट्टी मूळची गाडीच्या रेडिओची एरियल आहे, असा आमच्यातल्या काहींचा संशय आहे. पण मूळ साधन पाहिल्याशिवाय मत देऊ नये हे सरांनीच शिकवलंय.

सिंहगडावर गर्दी फार आणि रायगडावर व्याख्याते फार, म्हणून सरांनी सरहद्द घेतली. ‘भीमा-नीरा सीमाप्रांत : एक दिवसाची अभ्याससहल. फक्त बारा जण.’ बाराच का? यावर सरांचं उत्तर, ‘त्याहून जास्त लोक झाले की तो अभ्यास राहत नाही, वऱ्हाड होतं.’ व्हॉट्सॲप ग्रुपवर आदल्या आठवड्यापासून सूचना येतात. सकाळी सहाला बालगंधर्वपाशी. सहा म्हणजे सहा. परतीला गाडी बालगंधर्वपाशीच सोडेल, वाटेत कुठेही थांबणार नाही. प्रश्न शेवटी विचारावेत. शेवट कधी, ते सर सांगतील.

या धंद्यातली खरी अडचण अशी की सरहद्द दिसत नाही. गड दाखवता येतो, वाडा दाखवता येतो; पण जिथे उसाचा फड, वीटभट्टी आणि रसवंतीगृह याशिवाय काही नाही, तिथे उतरून ‘ही बघा आदिलशाही संपली’ असं म्हणायला छाती लागते. सरांची आहे. यवतच्या अलीकडेपलीकडे ते गाडी थांबवतात, पट्टी लांब करतात आणि क्षितिजावर एक आडवी रेघ ओढतात. बाराही जण त्या रेघेकडे भक्तिभावाने पाहतात. एकजण तिचा फोटोही काढतो.

मग सर सांगतात, आणि सांगतात ते खरंच ऐकण्याजोगं असतं. पुणं म्हणजे तेव्हा कुणाच्या अंगणातलं नव्हे, तर कुंपणावरचं गाव. इकडे निजामशाही, तिकडे आदिलशाही, वरून मोगल उतरत आलेले. 1630 च्या सुमारास मुरार जगदेवाच्या फौजेने पुणं जाळलं, गाढवांचा नांगर फिरवला, पहार ठोकली आणि तीवर फाटकी वहाण टांगली. हे सांगताना सरांचा आवाज असा कापतो, की त्यात त्यांचा स्वतःचा नारायण पेठेतला फ्लॅट गेला असावा. पुढे 1636 मध्ये शाहजहान आणि आदिलशाह यांनी तह करून निजामशाही वाटून घेतली. मोटामोटी भीमेच्या उत्तरेला मोगल, भीमा आणि नीरा यांच्या मधला मुलूख आदिलशाहीला. शहाजीराजे आदिलशाहीत गेले, पुण्याची जहागीर त्यांच्याकडे राहिली आणि जळक्या कसब्यात पुन्हा चूल पेटली. ‘म्हणजे लक्षात घ्या,’ सर पट्टी आपटत म्हणतात, ‘1657 साली महाराजांनी जुन्नर लुटलं, तेव्हा ते परराज्यात गेले होते! आज आपण तिथे द्राक्षं आणायला जातो.’

बारा जणांत एक काका बँकेतून निवृत्त झालेले असतात. हे प्रत्येक सहलीत असतात. नसले तर बँक पाठवते. त्यांचं काम एकच, सरांचा ताळेबंद तपासणं. उरुळी कांचन आलं, की काका म्हणतात, ‘इथे 1946 साली गांधीजींनी निसर्गोपचार आश्रम काढला.’ सर म्हणतात, ‘बरोबर आहे, पण आपलं शतक सतरावं.’ काका म्हणतात, ‘मग 1630 कुठल्या पंचांगाचं? ज्युलियन का ग्रेगोरियन?’ गाडीत शांतता पसरते. शिवजयंतीची तिथी आणि तारीख यावरून ज्या राज्याने कित्येक वर्षं वाद घातला, त्या राज्यात हा प्रश्न चालत्या गाडीत विचारणं म्हणजे पेट्रोलपंपावर काडी ओढणं. सर क्षणभर खिडकीबाहेर पाहतात आणि म्हणतात, ‘तुम्ही असं करा, दोन्ही लिहून घ्या.’

दुसऱ्या असतात एक काकू. त्यांचा मुलगा एडिंबरात असतो. काकूंनी तिकडची सरहद्द पाहिलेली आहे आणि इकडची पाहताना त्या सतत तिकडची पाहत असतात. ‘तिकडे ना, ती हेड्रियनची भिंत आहे. काय राखलीय! दर थोड्या अंतरावर चहा आणि स्वच्छ बाथरूम.’ सरांना भिंतीचं वावडं नाही, चुकीच्या भिंतीचं आहे. ‘काकू, ती भिंत इसवी सन 122 मध्ये रोमनांनी बांधायला घेतली. आजची स्कॉटलंडची सीमा तिच्यावरून जात नाही. अख्खी भिंत इंग्लंडात आहे.’ काकू म्हणतात, ‘असेना. बाथरूम तर आहे ना?’ या मुद्द्याला इतिहासात उत्तर नाही. सर ड्रायव्हरला पुढच्या पेट्रोलपंपावर पाच मिनिटं घ्यायला सांगतात. वाटेत कुठेही न थांबण्याच्या नियमाला हे पहिलं खिंडार.

भुलेश्वरला गाडी चढते, तेव्हा सर फुलतात. बाहेरून घुमट-मनोऱ्यांचं काही वेगळंच वाटावं आणि आत शिरल्यावर यादवकालीन मंदिराचं कोरीव काम अंगावर यावं, अशी ही जागा. स्त्रीरूपातला गणपती आहे, महाभारतातले प्रसंग आहेत, फोडलेले चेहरे आहेत. आणि मंदिराभोवती किल्ला आहे, दौलतमंगळ. पुणं उजाड करणाऱ्या मुरार जगदेवानेच या प्रांतावर नजर ठेवायला तो बांधला. ‘पुणं मोडलं आणि कचेरी इथे हलवली,’ सर सांगतात. ‘पुण्यातून कचेरी हलली, की लोक किती हेलपाटे घालतात, ते तुम्हाला सांगायला नको.’ मग पट्टी फिरू लागते. तिकडे पुरंदर, तिकडे सुपे, तिकडे भीमा. आयटीतली दोघं नवरा-बायको पट्टीच्या दिशेने मान वळवत राहतात. त्यांना काहीच दिसत नाही. पण त्यांच्या नोकरीतही न दिसणाऱ्या गोष्टींवरच माना हलवायच्या असतात, त्यामुळे जड जात नाही.

इथे पेढ्यांचा प्रश्न येतो. भुलेश्वराच्या पिंडीखालच्या खळग्यात पेढे ठेवले, तर त्यातला एखादा देव घेतो, अशी श्रद्धा आहे. काकूंनी चितळ्यांचे पेढे पुण्याहून आणलेले असतात. काका विचारतात, ‘सर, तुमचं मत?’ सर जाकिटाचा एक खिसा उघडतात, बंद करतात. ‘परंपरा म्हणून पाहिलं, तर या गोष्टीला मोठा मान आहे. पुरावा म्हणून पाहिलं, तर तपासायला हवं.’ काकू खूश, काका खूश. पेढा मात्र सर खातात, प्रसाद म्हणून आणि नमुना म्हणूनही.

उतरताना सरांचा आवडता विषय निघतो : देशमुख. सरहद्दीवरच्या वतनदारांची ते अशी सालटी काढतात, की त्यांच्या वंशजांपैकी कुणी गाडीत नसल्याबद्दल आपणच देवाचे आभार मानावेत. शाह्या बदलत, वतन टिके. सकाळी विजापूरला मुजरा, संध्याकाळी मोगलांना नजराणा, दोन्हीकडचे शिक्के पेटीत तयार. 1659 मध्ये अफझलखान आला, तेव्हा कान्होजी जेध्यांनी वतनावर पाणी सोडून महाराजांची बाजू धरली आणि खंडोजी खोपडे खानाला जाऊन मिळाला. ‘माणसाने कान्होजी असावं!’ सर गरजतात. ‘एक बाजू! दोन डगरींवर पाय ठेवणाऱ्यांनी या मुलखाचं वाटोळं केलं.’

हे ऐकत आम्ही दौंडला पोचतो आणि जेवणाचा प्रश्न उपस्थित होतो. पत्रकात ‘स्थानिक साधं जेवण’ असं छापलेलं असतं. निम्म्यांना साधं म्हणजे पिठलं-भाकरी वाटतं. उरलेल्या निम्म्यांना इतक्या दूर येऊन मटण न खाणं हा स्थानिकांचा अपमान वाटतो. तरुणांना गाडीत एसी हवा, काकांना खिडकी उघडी हवी. ड्रायव्हरला फक्त झोप हवी. सर कोपऱ्यात जाऊन खानावळवाल्याशी कुजबुजतात, काकांच्या खांद्यावर हात ठेवतात, तरुणांना डोळा घालतात. एका टेबलावर पिठलं येतं, दुसऱ्यावर रस्सा. पुढच्या खिडक्या उघड्या राहतात, मागे एसी लागतो. दोन्ही टेबलांना वाटतं, सर आपले. तेव्हा माझ्या ध्यानात आलं, की सतराव्या शतकातला सीमेवरचा देशमुख नेमका कसा दिसत असेल, ते या सहलीत वेगळं दाखवायची गरजच नाही. तो पुढच्या सीटवर माइक घेऊन बसलेला आहे. एवढं मात्र खरं, की त्यालाही मधल्या बारा पोटांची काळजी होती.

दौंडजवळ भीमेचा पूल ओलांडताना सर सगळ्यांना उभं करतात. ‘अलीकडे आदिलशाही, पलीकडे मोगलाई!’ नदीत जलपर्णी, काठावर म्हशी. आयटीतली मुलगी मोबाइलकडे पाहून म्हणते, ‘सर, रेंज गेली.’ सर म्हणतात, ‘जाणारच. राज्य बदललं.’ दिवसभरातला हा त्यांचा सर्वांत यशस्वी विनोद. तो ते प्रत्येक सहलीत करतात आणि रेंज प्रत्येक वेळी साथ देते.

पेडगाव. पांडे पेडगावचा भुईकोट म्हणावा, की बहादूरगड, की अलीकडे म्हणतात तसा धर्मवीरगड? सर तिन्ही नावं घेतात, कुणी दुखावू नये म्हणून. औरंगजेबाचा सरदार बहादूरखान कोकलताश याची इथे मोठी छावणी होती. मराठ्यांच्या एका तुकडीने त्याला हुलकावणी देऊन गडाबाहेर लांब पळवत नेलं आणि दुसरीने मागे खजिना व घोडे साफ केले, ही हकिकत सर अंगविक्षेपांसह करून दाखवतात. वेड पांघरून पेडगावला जातात ते असे! काका या वेळी खजिन्याचा आकडा विचारतात. कोटीचा आकडा ऐकून बँकेतला माणूस आदराने गप्प बसतो. मग लक्ष्मीनारायणाच्या मंदिरावरचं कोरीव काम, भीमेचं पाणी वर खेचणाऱ्या मोटेचे अवशेष, बाभळी आणि ढासळलेले दरवाजे.

एका ठिकाणी सर टोपी काढतात. 1689 च्या फेब्रुवारीत संगमेश्वराला पकडलेल्या संभाजी महाराजांना इथे औरंगजेबापुढे आणलं. 11 मार्चला तुळापूरला त्यांचा शेवट झाला. एवढंच सर सांगतात. पट्टी मिटलेली असते. ‘किंवा’, ‘परंतु’, ‘दुसऱ्या बाजूने पाहिलं तर’ यातलं काहीही ते बोलत नाहीत, आणि काकाही पंचांग काढत नाहीत. दिवसभरात सरांना एकच बाजू असलेली अशी ही एकच जागा.

परतीच्या वाटेवर ‘शेवट’ येतो, म्हणजे प्रश्नांना परवानगी मिळते. पण पिठलं आणि रस्सा या दोन्ही पक्षांची झोप एकच असते. जागी असते ती आयटीतली मुलगी. ती विचारते, ‘सर, तुम्ही त्या काळात असता, तर कुणाच्या बाजूने असता?’

सर बराच वेळ जाकिटाचे खिसे चाचपतात. कान्होजींचं नाव ओठांवर येतं, ते गिळतात. शेवटी म्हणतात, ‘मी दप्तरात असतो. जो येईल त्याची नोंद. कारकुनाला कुणी मारत नाही; सगळ्यांनाच तो लागतो.’ काका झोपेतूनच ‘बरोबर’ म्हणतात. दिवसभरात काकांनी दिलेली ही एकमेव मान्यता.

लोणी काळभोर ओलांडलं, की गर्दी लागते आणि गर्दीबरोबर बंडाळी. अर्ध्या गाडीला हडपसरच्या गाडीतळाला उतरायचं असतं, उरलेल्या अर्धीला मगरपट्ट्याला. सर माइक हातात घेऊन नियमावलीची आठवण करून देतात : बालगंधर्व, वाटेत कुठेही थांबणार नाही. मागून काकू म्हणतात, ‘अहो, गुडघे.’ तरुण म्हणतात, ‘सर, उद्या ऑफिस.’

ड्रायव्हर आरशातून पाहत विचारतो, ‘सर, गाडीतळाला घेऊ का मगरपट्ट्याला?’

सर माइक बंद करून म्हणतात, ‘दोन्हीकडे.’