दहाव्या मिनिटाचा मयत

लंडनच्या पबमध्ये कुणीतरी एका नटाकडं बराच वेळ बघतं आणि विचारतं, "तुम्ही आमचा गॅस दुरुस्त करायला आला होता ना?" हा छाती काढून सांगतो, "नाही. कॅज्युअल्टी. शिडीवरून पडलो होतो."

बीबीसीवरची 'कॅज्युअल्टी' ही इस्पितळाची मालिका 1986 पासून चालू आहे. तिच्यात सुरुवातीला जो हसतमुखानं शिडीवर चढतो, तो थोड्याच वेळात स्ट्रेचरवर येणार, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही कळतं. डॉक्टर मंडळी नेहमीचीच; हाडं मोडून घ्यायला मात्र दर आठवड्याला नवा माणूस लागतो. तो हा.

'द बिल' या पोलिसी मालिकेत तो आधी चोर होता, काही वर्षांनी चोराचा वकील, आणि पुढं ज्याच्या घरी चोरी झाली तो गृहस्थ. प्रेक्षकांनी ओळखलं नाही? "हीच अभिनयाची ताकद," असं त्याचं म्हणणं. चेहरा कुणाच्या लक्षात राहत नाही म्हणूनच पुन्हा बोलावतात, हे त्याला सांगायचं कुणी?

नावसुद्धा जन्माचं नाही. इक्विटी ही नटांची संघटना एका नावाचे दोन सभासद ठेवत नसे. एक डेव्हिड मॅकडोनाल्ड आधीच होता, म्हणून दुसऱ्याला डेव्हिड टेनंट व्हावं लागलं आणि तो पुढं 'डॉक्टर हू' या मालिकेचा नायक, म्हणजे डॉक्टर, झाला. यानंही नाव बदललं. आता त्याची दोन्ही नावं कुणाला माहीत नाहीत.

'मिडसमर मर्डर्स' या खुनांच्या मालिकेचा विषय निघाला की तो हळवा होतो. देखणी इंग्रजी खेडी, फुललेल्या बागा आणि दर भागात दोन-तीन मुडदे. एका भागात तर बाईला चीजच्या अख्ख्या चाकानं मारलं. "लोक अजून तिची आठवण काढतात," तो उसासा टाकतो. "मला काठीनं. तेही पाठीमागून."

पण तो वेडा नाही. याच मालिकेत 2000 साली नील डजन माळी होऊन आला होता. 2011 पासून तोच मुख्य डिटेक्टिव्ह. पीटर कपाल्डी 2008 साली 'डॉक्टर हू'मध्ये पॉम्पेईचा व्यापारी होता आणि 2013 साली स्वतःच डॉक्टर झाला. हे दोन दाखले आमच्या नटाला बायकोच्या वाढदिवसापेक्षा पक्के पाठ आहेत. माळ्याचं काम आलं तर तो पैसे न विचारता हो म्हणतो.

अडचण वेगळीच आहे. 'द बिल' 2010 मध्ये बंद पडली, 'हॉल्बी सिटी' 2022 मध्ये, 'डॉक्टर्स' 2024 मध्ये. पडायच्या, लुटलं जायच्या आणि मरायच्या जागाच कमी झाल्यात. मिडसमरमधले खून तेवढे अजून थांबलेले नाहीत.