नऊ घोंगड्या आणि नियमित पाणी

परवा नवी पेठेतून (ती किती वर्षं नवी आहे, ते विचारू नका) एक सोलापुरी चादर आणली. ती पांघरून बसलो आणि वात्स्यायन आठवला. कामसूत्रवाला नव्हे, न्यायसूत्रांवर भाष्य लिहिणारा, सुमारे दीड हजार वर्षांपूर्वीचा. हिरमोड झाला असेल तर क्षमस्व.

त्याच्या भाष्यात घोंगडी पांघरलेलं एक पोर आहे. कुणीतरी म्हणतं, हा ‘नवकंबल’ आहे. म्हणजे नव्या घोंगडीचा. समोरचा उसळतो, ‘नऊ कुठायत? एकच तर दिसते!’ नववधूतला नव नवा, नवरात्रातला नव नऊ. बोलणाऱ्याच्या मनातला सोडून दुसरा अर्थ पकडायचा आणि त्यालाच खोटं पाडायचं, हा वाक्छल. आपला ‘छळ’ही याच घराण्यातला, सोलापूरकरांना वेगळं सांगायला नको.

न्यायसूत्रांत चर्चेच्या तीन तऱ्हा. वाद सत्य शोधण्यासाठी, तिथं छलाला मज्जाव. जल्प जिंकण्यासाठी, तिथं तो चालतो. वितंडेत तर स्वतःची बाजू मांडायचीच नाही, नुसतं समोरच्याचं पाडायचं. आपला वितंडवाद तो हाच. न्यायसूत्रकार गौतमाने जल्प आणि वितंडेला जागा दिली ती एवढ्यासाठी, की सत्याच्या कोवळ्या रोपाला काटेरी कुंपण लागतं. आमच्याकडे कुंपण जोरात आहे. रोप शेळीनं खाल्लं.

गेल्या आठवड्यात एका कार्यालयात गेलो.

‘साहेब, पाणी नियमित सोडा की.’

‘नियमितच सोडतो की. दर पाचव्या दिवशी. कधी चौथ्या दिवशी आलंय का?’

नव्हतं आलं.

‘मग रोज सोडा.’

‘रोजच सोडतो. कुठल्या ना कुठल्या भागात.’

‘पण उजनी धरण भरलं म्हणालात ना?’

‘उजनी भरलं म्हणालो. तुमची टाकी नव्हे.’

तीन उत्तरांत तीन वेळा चीत! आणि माणसानं हातातला चहासुद्धा खाली ठेवला नव्हता. एवढी तयारी मिथिलेच्या पाठशाळेतसुद्धा बारा वर्षं घासल्याशिवाय येत नसेल.

छल करणाऱ्याला काय विचारावं, तेही वात्स्यायनाने सांगून ठेवलंय: शब्दाचे अर्थ अनेक असताना तू नेमका हाच का धरलास? मी विचारलं.

साहेब म्हणाले, ‘अर्ज द्या.’

दिलाय. उद्या पाचवा दिवस. आमच्या गल्लीतल्या मंडळींनी घागरी, पिंपं रात्रीच मोकळी करून ठेवावीत. पाणी पहाटे तीनला येतं.