एक घर म्हणजे किती खोल्या?

वाकोल्याहून वांद्रे-कुर्ला संकुल इतकं जवळ, की ‘जवळचं भाडं’ म्हणून रिक्षावाला मान फिरवतो. नेटफ्लिक्सचं मुंबईतलं कार्यालय त्याच संकुलात. संकुलाच्या अलीकडे, वाकोल्यात, चाळी आहेत आणि चाळीत पासवर्ड आहे. पैसे एकजण भरतो, बघतात चौघं. विरजण, गॅसचा लायटर आणि पासवर्ड मागायला दार वाजवावं लागत नाही. ते दिवसभर उघडंच असतं.

कंपनीलाही एकेकाळी याचं कौतुक होतं. मार्च २०१७मध्ये तिने ट्विटरवर जाहीर केलं होतं, की पासवर्ड वाटून घेणं म्हणजेच प्रेम. मग २०२२च्या पहिल्या तिमाहीत जगभरात मिळून सुमारे २ लाख ग्राहक घटले आणि प्रेम परवडेनासं झालं. २० जुलै २०२३ रोजी भारतात फर्मान निघालं: एक खातं, एक घर. बाकीच्यांनी आपापलं बघावं.

पण घर म्हणजे काय? वकील, भाऊबंद आणि पागडीचे मालक यावर पिढ्यान्‌पिढ्या भांडत आले. कंपनीने ते एका फटक्यात मिटवलं. एकाच इंटरनेटवर चालणारी उपकरणं, ते घर! म्हणजे तीन खोल्यांनी वर्गणी काढून एक वायफाय घेतलं, तर जोशी, शेख आणि डिसोझा हे एकत्र कुटुंब. रेशनकार्डावर नाव असलेला, पण पुण्याला शिकायला गेलेला सख्खा मुलगा मात्र परका. प्रवासात असताना बघायची मुभा आहे म्हणे. त्यामुळे तो बिचारा सबंध सेमिस्टर प्रवासातच असतो.

मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ला. पुढे कितीतरी वर्षं टीव्ही एका खोलीत आणि प्रेक्षक अख्ख्या मजल्याचे, अशीच वहिवाट होती. जानेवारी १९८७मध्ये ‘रामायण’ सुरू झालं, तेव्हा रविवारी सकाळी दारापर्यंत चपलांचा खच पडायचा. त्यातल्या कोणत्या चपला घरच्या आणि कोणत्या बाहेरच्या, हे रामानंद सागरांनी कधी विचारलं नाही.

गंमत म्हणजे चाळ ही काय चीज आहे, हे कंपनीला ठाऊक असायला हवं. माधुरी दीक्षितची निर्मिती असलेला ‘१५ ऑगस्ट’ हा मराठी चित्रपट मार्च २०१९मध्ये कंपनीनेच १९०हून अधिक देशांत पोचवला. तो घडतो मुंबईच्या चाळीत, जिथे एका घराची अडचण सगळ्यांची होते. बहुधा चित्रपट पोचवणारं खातं वेगळं आणि पासवर्ड मोजणारं वेगळं असावं.

झी फाइव्ह या दुसऱ्या ॲपची तऱ्हा वेगळी. तिथे पैसे भरणाऱ्यांना मालिकेचा भाग टीव्हीच्या आधी बघायची सोय आली. एका काकूंनी वर्गणी भरली की झालं. सुनेने सासूला काय सुनावलं, ते संध्याकाळच्या आत चाळीच्या नळापर्यंत पोचतं, तेही वायफायशिवाय.

नेटफ्लिक्सने डिसेंबर २०२१मध्ये मोबाइलची योजना १९९ रुपयांवरून १४९वर आणली. तिच्यात एका वेळी एकाच उपकरणावर चित्र दिसतं. हरकत नाही. फोन डाळीच्या डब्याला टेकवायचा आणि पाचजणांनी एकमेकांच्या खांद्यावरून बघायचं. उपकरणं मोजता येतात. डोळे मोजायची युक्ती संकुलात अजून कुणाला सुचलेली नाही. तोवर शेखांकडचा चहा येतो, आणि पुढचा भाग लावायचा की झोपायचं, यावर मतदान होतं.