बॉक्सचे मुखत्यार

वैनगंगेच्या काठच्या पवनीत म्हणा, तुमसरात म्हणा, किंवा खुद्द भंडाऱ्यात म्हणा, तहसील कचेरीच्या दफ्तरखान्यात हयात घालवून निवृत्त झालेला, आणि टीव्हीला जोडलेल्या जुन्या अँड्रॉइड बॉक्सचे फर्मवेअर अद्ययावत करण्याच्या कामी आळीने ज्याला बिनपगारी मुखत्यार नेमले आहे असा एक गृहस्थ हटकून आढळतो. त्याला सगळे काकाजी म्हणतात.

काकाजी बॉक्सला एकदम हात घालीत नाहीत. प्रथम तो पालथा करून तळाचा मॉडेल क्रमांक भिंगातून वाचतात, पडद्यावरच्या माहितीशी त्याची रुजवात घालतात, आणि बाहेरून जुळ्या भासणाऱ्या दोन बॉक्सांतली चिप निराळी असू शकते व एकाची फाइल दुसऱ्यात घातल्यास तो कायमचा मुका होतो, हे इतक्या गांभीर्याने सांगतात की यजमान मुकाट्याने चहा टाकायला उठतो. पुतण्याने मोबाइलवर कुठूनशी मिळवलेली फाइल बेवारस दस्तऐवज म्हणून तत्काळ नामंजूर होते. कंपनीच्या अधिकृत संकेतस्थळावरची तेवढी दाखल करून घेतली जाते.

2015 सालची क्रोमकास्ट यंत्रे 2025 च्या मार्चमध्ये, आतल्या प्रमाणपत्राची मुदत संपल्यामुळे, जगभर एकाएकी अडून बसली आणि ‘यंत्र रीसेट करू नका’ असे गूगलला कळवावे लागले, तेव्हा काकाजींना झालेला आनंद अवर्णनीय होता. एवढ्या मोठ्या कचेरीत दाखल्याच्या मुदतीची नोंदवही ठेवणारा एक कारकून नसावा!

पुढे विजेचा प्रश्न. अद्ययावतीकरण अर्ध्यावर असता लाइन गेली तर सर्वस्वी घात, म्हणून घरात इन्व्हर्टर नसल्यास, आणि त्यातून उन्हाळी धानाचे पंप चालू असल्यास, प्रकरण बेमुदत तहकूब होते. (माझ्या मते यात अतिशयोक्ती नाही, आमच्याकडची लाइन मुहूर्त पाहून जात नाही.) सर्व अनुकूल असेल तरच फॅट 32 केलेला पेनड्राइव्ह लागतो, एव्हीच्या भोकात दातकोरणी शिरते, आतले बटण दबते, आणि पट्टी सरकू लागते. आता खोलीत खोकायचीही मनाई.

“झालं का जी, काकाजी?”

“स्विचले हात नको लावू.”

झाले. नवा पडदा झळकला. यजमानांच्या आईने चष्मा सारखा करून पडदाभर शोधले आणि आपली मालिका कुठे गेली म्हणून विचारले. काकाजी पेनड्राइव्ह रुमालात बांधीत होते.

“ते माझ्या अखत्यारीत नाही, बाई.”