काळ्या यादीतले अण्णा

अण्णा भेटले की आधी विचारून घ्यावं लागतं, "सध्या कुणाच्या नावावर आहात?" ते रागावत नाहीत. "मेव्हण्याच्या," असं सांगून पानाचा डबा पुढे करतात.

सरकारी दवाखान्यांना हातमोजे, गॉज, चिकटपट्टी पुरवणारा असा एखादा गृहस्थ प्रत्येक जिल्ह्याच्या गावी असतो. पांढरा सफारी, खिशाला दोन पेनं. एक सहीचं, दुसरं साहेबांच्या टेबलावर विसरून यायचं. त्यांच्या मालाची सिव्हिलमध्ये ख्याती आहे. एक जोडी घालायला सिस्टर तीन जोड्या उघडतात. पहिला मोजा मनगटाशीच टरकतो, दुसऱ्यातून अंगठा डोकावतो. चिकटपट्टी कातडी सोडून स्वतःलाच चिकटते. अण्णांना छेडलं तर म्हणतात, "निविदेत 'हातमोजे' लिहिलंय. 'न फाटणारे' कुठं लिहिलंय? आणि सगळ्यात कमी दराचाच घ्यायचा हा नियम काय मी केला?"

यथावकाश नमुना प्रयोगशाळेत जातो, आणखी यथावकाश 'प्रमाणित दर्जाचा नाही' असा अहवाल येतो. तोवर माल वापरून संपलेला असतो. मग निघते कारणे दाखवा नोटीस, आणि इथं अण्णा खरे खुलतात. वारकऱ्याला अभंग पाठ असावेत तसे सुप्रीम कोर्टाचे निकाल त्यांना पाठ आहेत. 1974 चा: बाजू ऐकून घेतल्याशिवाय काळ्या यादीत घालता येत नाही. 2014 चा: तसं करणार असल्याचं नोटिशीत स्पष्ट दिसलं पाहिजे. त्याच्या आदल्या वर्षीचा: कायमची बंदी चालत नाही. "आपल्याला जन्मठेप नाही," हे सांगताना त्यांचा गळा दाटून येतो. नोटिशीतलं ते एक वाक्य लिहायला कारकून नेमका विसरतो. 'विसरतो' हा शब्द अण्णांचा.

केंद्राच्या 2017 च्या वित्तीय नियमांनी मात्र त्यांना जरा घोर लावला. खरेदी करणाऱ्या खात्याची बंदी दोन वर्षांपर्यंतच, पण फर्मच्या वारसांनाही लागू. 2021 च्या सूचनांनी तर एकाच मुठीतल्या सगळ्या फर्म एका दोरीत बांधल्या. अण्णांनी ते कागद रात्रभर वाचले आणि पहाटे त्यांना वहिनींचं माहेरचं आडनाव आठवलं.

तेव्हापासून ते महिला दिनाच्या कार्यक्रमांत पोटतिडकीनं बोलतात. "लग्न झालं म्हणून बाईनं आडनाव का बदलावं?" टाळ्या पडतात. सूक्ष्म-लघुउद्योगाला बयाणा रक्कम माफ, शिवाय केंद्राच्या खरेदी धोरणात 3 टक्के खास महिला उद्योजकांकडून घ्यायचं, ही माहिती ते भाषणात देत नाहीत. नव्या फर्मचा पत्ता वेगळा, फोन वेगळा, गोदाम तेच. पाटी दोन्ही बाजूंनी रंगवलेली आहे, नुसती फिरवायची. एकदा मी वहिनींना विचारलं, तुमची फर्म नक्की काय पुरवते?

"सह्या," वहिनी म्हणाल्या.

निविदेसोबत 'आमची फर्म कधीही काळ्या यादीत नव्हती' असं शपथपत्र लागतं. ते अक्षरशः खरं असतं. फर्म जन्मून महिना झालेला असतो. पूर्वी हे काम शंभराच्या स्टॅम्प पेपरवर भागे. 2024 मध्ये राज्यानं तो पाचशेचा केला, तेव्हा अण्णा मनापासून हळहळले. "खरं बोलणंसुद्धा पाचपट महाग केलं हो!"

हे सगळं ऐकून हसू येतं खरं, पण मला मधूनच 1986 चं जे. जे. रुग्णालय आठवतं. विषारी भेसळीच्या ग्लिसरीननं 14 रुग्ण दगावले होते, आणि न्यायमूर्ती लेंटिन आयोगानं सरकारी खरेदीची आणि तपासणीची लक्तरं वेशीवर टांगली होती. अण्णांपुढे हा विषय काढला की ते दोन्ही हात जोडतात. "मी औषधात नाही. मी मोज्यात."

यंदा मुलीच्या लग्नाचं पाहताहेत. पत्रिका नंतर, आधी मुलाच्या पॅन कार्डाची झेरॉक्स. परवा एक स्थळ चालून आलं. मुलगा देखणा, निर्व्यसनी, औषध निरीक्षक. छत्तीस गुण जुळत होते. मी म्हटलं, अण्णा, घरबसल्या कोटकल्याण झालं तुमचं! अण्णांनी पत्रिका परत पाठवली.

"मुलगा सोन्यासारखा आहे," ते म्हणाले. "पण सरकारी नोकर. त्याच्या नावावर फर्म कशी काढणार?"